पान एकोणचाळीस, मागची बाजू

रेक्याविकला ते काचेआड असतं, अंधारात.
वर्षातून दोनदा पान उलटतात म्हणे,
श्वास रोखून.
इथे फियोर्डच्या टोकाला, थोरगेर्दुरच्या स्वयंपाकघरात
ते माशाच्या ताटलीशेजारी उघडतं.

भाचा सांगून गेलाय : दोन बोटं ठेव, फाकव.
ती फाकवते.
डोंगरावरून वारा उतरला की नेट जातं,
मग पान अर्धंच येतं,
वरच्या चार ओळी लख्ख, खाली धुकं,
आणि चौकोना-चौकोनाने
उजाडत जातं बाकीचं.

अक्षरं तिला लागत नाहीत.
राजे, जहाजं, कोणी कोणाचा सूड घेतला,
असेल तिथे, असू दे.
ती बघते कातडं.

साठ वर्षं वासरं सोलली आहेत तिने.
केसांची मुळं दिसतात तिला, खसखशीहून बारीक,
पाठीकडे दाट, पोटाकडे विरळ.
"हाडकुळं होतं," ती कॉफीला सांगते,
"उन्हाळा पाहिलाच नाही याने."

आणि ते भोक.
बदामाएवढं, नवव्या ओळीत.
लिहिणाऱ्याने शब्द मोडून वळसा घातलाय त्याला,
ओढ्यातल्या दगडाला पाणी घालतं तसा.
खाली सूचीकाराची टीप :
छिद्र. कारण अज्ञात.

अज्ञात!
सुरी घसरली, बाबांनो.
कुशीपाशी, जिथे सगळ्यांचीच घसरते.
आणि काप कुठून कुठे गेलाय बघा,
डावरा होता तो. किंवा डावरी.
दिवस कलला होता, घाई होती,
मग चौकटीवर ताणलं तेव्हा
नखाएवढ्याचं डोळ्याएवढं झालं.

तिचा डावा अंगठा भोकावर टेकतो
तर पान झरकन मोठं होतं,
आणि भोकातून दिसतं
पलीकडच्या पानाचं एकच अक्षर,
बिळातून डोकावणाऱ्या जनावरासारखं.
ती दचकते. मग हसते.

कळवावं का त्यांना?
खाली पत्ता दिलाय, चुका आढळल्यास.
चूक कसली यात, ती पुटपुटते,
आणि ताटली उचलते.

गोठ्यात दिवा लावल्यावर
मार्चमध्ये जन्मलेलं ते तांबडं वासरू
पुढच्या गुडघ्यांवरून धडपडत उठतं.
ती त्याच्या कुशीवर हात ठेवते.
कातडी थरारते, माशी बसल्यासारखी.
बराच वेळ ती हात काढत नाही.

स्वयंपाकघरात पडदा
आपोआप काळा झालेला.