टाकी स्टॉप

स्मरणिकेला दोन पानं हवीत, कमिटी म्हणाली.
सनावळ्या, बिशपांची नावं, देणगीदार.
तूच लिही, तुझं अक्षर बरं आहे.

रजिस्टर क्रमांक एक. वाळवीनं कडा खाल्लेल्या.
ठिकाणाच्या रकान्यात छापलेलं 'चर्च' खोडून
निळ्या शाईत: येमुलांची शेड.
बंद पडलेले चार माग भिंतीला सरकवलेले,
पाचव्यावर फळी, फळीवर पांढरी चादर.
ती वेदी.
कापसाची कुसं अजून हवेत होती.
भाकर उंच धरताना फादर रेबेलोंना शिंक यायची,
आणि फुर्टाडो गार्ड सोडून कुणी हसायचं नाही.
घंटा म्हणजे लिंबाला टांगलेला रुळाचा तुकडा,
तोही फुर्टाडोनंच आणला. कुठून,
ते त्यानं पापनिवेदनात सांगितलं असेल तर असेल.

पहिला बाप्तिस्मा: स्टेला, आरोग्यस्वामींची थोरली.
शनिवार खोडून रविवार केलाय.
त्या आठवड्यात नळ पाचव्या दिवशीही आला नाही.
माणसं ठेवणीतले कपडे घालून बसली,
पोर रडून झोपलं, उठून परत रडलं.
रात्री पावणेदोनला शेजारच्या नरसव्वानं
पत्र्यावर थाप मारली: नीळ्ळू! नीळ्ळू!
पहिला तांब्या स्टेलाच्या कपाळावर.
मग सगळ्यांनी, फादरसकट, घागरी भरल्या.

इमारतीचा नकाशा पुण्याहून आला.
गोल, सिमेंटचा, आठ खांबांवर उचललेला,
उजेड वरून पडेल असा.
लाडलेसाब नदाफ मिस्त्रीनं कागद फिरवून फिरवून पाहिला,
म्हणाला, काळजी सोडा फादर,
असल्या तीन बांधल्यात मी. एक बार्शीला, दोन अक्कलकोट रोडला.

पाचवा खांब उभा राहिला आणि वस्तीभर झालं:
टाकी येतेय.
लोक अर्ज घेऊन दारात. नळजोड मिळणेबाबत.
सोबत रेशनकार्डाची नक्कल.
फादरनं एकालाही परत पाठवलं नाही,
पोच दिली, खाली सही.
बाबांना म्हणाले, पाटोळे, ह्यांना कसं सांगू,
आत फक्त देव ठेवणार आहोत?
कंडक्टर तोवर ओरडायला लागला होता:
टाकीऽ टाकीवाले उतरून घ्या.

मंगळूरची पितळी घंटा ठरलेली. सहा वर्षं पैसे साठत होते,
त्यात फिलोमिनाबाईंच्या विड्या होत्या,
हजारामागे दहा रुपये बाजूला काढलेले.
त्या पैशांत फादरनं बोअर मारायला लावली.
मिनिटबुकात एवढंच: साधकबाधक चर्चा झाली.
माझ्या बाबांनी राजीनामा दिला,
हे मात्र मिनिटबुकात नाही.

दोनशे ऐंशी फूट, धूळ.
तीनशे दहा, काळा दगड आणि धूळ.
मशिनवाला तास मोजत होता, फिलोमिनाबाई फूट.
तीनशे बेचाळीसला राखाडी चिखल उडाला
तो थेट फादरच्या झग्यावर.
चमत्कार लिहू नका, फादर म्हणाले होते,
पाणाड्याला साडेसातशे दिलेत.

नळ कंपाउंडच्या भिंतीत, तोंड रस्त्याकडे.
बाबा महिनाभर त्या नळावर गेले नाहीत.
मग एका दुपारी, कुणी नाही असं बघून,
हातपाय धुऊन आले, आणि चहा मागितला.

फादरची बदली झाली. छत पूर्वेकडून गळतं,
लाडलेसाबचा मुलगा दर मे महिन्यात डांबर लावून जातो.
आता मे महिन्यातच नळही खोकतो,
बायका त्याला दोन शिव्या देतात, मग येतो.
घंटा अजून रुळाचीच.
स्टेला ठाण्याला असते, ती नाताळला आली
की एकदा वाजवते, उगाच.

काल कपाटात अर्जांचा गठ्ठा सापडला,
एकशे बारा, सुतळीनं बांधलेले.
गुर्रम, वल्लाळ, शेख, म्हेत्रे, कोळी,
एक अंगठा, नाव पुसलेलं.
ते मी देणगीदारांच्या जागी उतरवून काढले.
कमिटी विचारेल. विचारू दे.
पानं तेवढ्यातच संपली.
बिशपांसाठी आता
मागच्या कव्हरवर चौकट मागून बघते.