रकाना चौथा

होटगीचं शिवार. विहीर क्रमांक सतरा.
फॉर्म, खाली कार्बन, त्याखाली पिवळी प्रत.
रकाना चौथा : खडकाचे नाव.
साहेब जीपमधूनच म्हणाले, ‘ट्रॅप लिही.’

बोअरवाला बिराजदार खो खो हसला.
‘तलाठी पैसे घेताना लागतो, तो ट्रॅप?
मग बरोबर हाय की बे.
शेजारच्या रानात तीनशे फूट गेलो,
थेंब न्हाई. पैसे आत.’

तो शब्द चपलेत खडा शिरावा तसा
दोन महिने टोचत राहिला.
मग ऑफिसातल्या एका अहवालात,
वाळवीनं दयेनं सोडलेल्या पानावर, सापडलं :
शब्द स्वीडनकडचा. अर्थ, पायऱ्या.
कुणा परक्यानं डोंगरांची उतरंड बघितली असेल,
आणि नाव चिकटलं अख्ख्या दख्खनला.

पण सोलापुरात डोंगर कुठाय?
गिरणीच्या चिमणीवर चढून बघा,
कडक भाकरीसारखी जमीन, सपाट,
कडेला जरा करपलेली.

पुन्हा सतरा नंबरवर गेलो.
तिम्मव्वा पाटी घेऊन वर येत होती,
थरांची नावं घेत, पाहुण्यांची घ्यावीत तशी :
काळी, चोपण, मुरूम, मांजऱ्या.
‘मांजऱ्या का गं?’
‘सुरुंग लावला की अंग चोरतंय. मांजरच ते.’
‘खोटं,’ तिचा दीर कनकप्पा म्हणाला,
‘पांढरे ठिपके बघा. अंधारात डोळे.’
भांडण चहा येईपर्यंत चाललं.

‘आणि त्याच्या खालचा? काळा?’
‘त्याला काय नाव? तुमचा दगड,
आमची रायी, मालकाचं कल्लु.
हात सोलतंय, कुठल्याबी भाषेत तेवढंच.’

ती परत उतरली.
मी वरून मोजत राहिलो, उगाच, ओठांतल्या ओठांत.
कातळातच कोरलेल्या, कठडा नाही,
एक पाऊल मावेल एवढ्याच.
एकतीस.
एकतिसावी अर्धीच.
छिन्नीचे घाव ताजे, एका बाजूला.
‘नवरा हितवर आलता,’ खालून आवाज आला.
पुढं ती काही बोलली नाही.
पाटी भरल्याचा आवाज तेवढा.

चौथ्या रकान्यात मी ट्रॅपच लिहिलं.
शेऱ्यात : पायऱ्या एकतीस, शेवटची अर्धी.
साहेबांनी लाल शाईनं खोडलं,
‘अनावश्यक’ लिहून सही केली.

पिवळी प्रत माझ्याकडं आहे.
लाल शाई कार्बनमधून उतरत नाही.