कोपऱ्यातली शेळी

हिलाल मास्तरांनी अमळनेरची नाकं काढली
तेवीस वर्षं, दर शनिवारी, दोन कॉलमांत.
नगराध्यक्षांचं काढलं भरिताच्या वांग्याचं.
ते छापखान्यात आले, अंक नाचवत:
‘मनं नाक इतलं मोठं शे का रे?’
मास्तरांनी फूटपट्टी लावली, मोजलं
आणि पुढल्या अंकात जाहीर माफी मागितली:
अर्धा इंच कमी पडला होता.

मी खिळे जुळवायचो.
ब्लॉक हातात उलटा यायचा,
डावा गाल उजवीकडे,
तरी माणूस ओळखू यायचा.

मास्तर स्वतः हसत नसत.
शाईचं बोट सदऱ्याला पुसत एवढंच सांगत,
‘कोपऱ्यातली शेळी कापू नको.’
दर चित्रात असायची ती,
बोरी नदीकडे शेपूट,
तोंडात आमचंच साप्ताहिक.

ते गेले, तेव्हा घरात एक फोटो सापडेना.
रात्रीचा दीड. अंक अडलेला.
काळ्या चौकटीत मी शेळी बसवली,
खाली नाव, गाव, तारीख.

सकाळी द्वारकाबाईंनी चष्मा लावला,
पुष्कळ वेळ पाहत राहिल्या.
मी चपलेत पाय सरकवून तयार.

‘कान जरा लांब व्हतात त्यासना,’
म्हणाल्या,
आणि चहा टाकायला आत गेल्या.