उधारीचा डाव

मारुती रोडच्या बोळात माझ्या तीन मशिनी होत्या,
त्यातली एक कायम बंद.
रुपयाला एक डाव.
भरतेश मगदूमकडं रुपया नसायचा.
दुसऱ्याच्या खांद्यावरून बघायचा
आणि हरिपूरपर्यंत पडदा डोक्यात धरून चालायचा,
सांडू न देता.
घरी चौकटीच्या वहीत एकेक घर भरायचा
हळदीनं. दुसरा रंग घरात नव्हता.

बाप पेवात उतरणारा.
आधी दोरानं कंदील सोडायचा,
विझला तर थांबायचं,
जळत राहिला तर मग माणूस.
पुराच्या साली पेवांत पाणी शिरलं,
कंदील खुंटीला गेला तो गेलाच.

पोरानं हैदराबादेत अकरा वर्षं
दुसऱ्यांच्या खेळांना दगड काढून दिले.
नुसते दगड.
शेवाळलेले, तडकलेले, बर्फातले;
खेळणारा ज्यांच्याकडं न बघता पळत जातो, ते.
दोन खेळ अर्ध्यात मेले,
एक कंपनी बुडाली, शेवटच्या पगाराऐवजी खुर्ची मिळाली.
ती खुर्ची घेऊन परत आला.
विश्रामबागला एक खोली, चार पोरं,
त्यात मिरजेची रुबीना शिकलगार,
सतारीच्या भोपळ्यात पाणी टाकून
थेंबांचे आवाज पकडणारी.

डायरेक्टर झालाय म्हणे.
मला वाटायचं, डायरेक्टर म्हणजे ओरडणारा.
हा दिवसभर विचारत बसतो,
"इथं अंधार अजून थोडा जड होईल का?"

परवा मला खेळायला बसवलं.
पेव. तळ दिसत नाही.
हातात कंदील, ज्योत बारकी झाली की माघारी फिरायचं.
भिंतीला टेकलं की बोटं पिवळी होतात
आणि शेवटपर्यंत तशीच राहतात.
एक दगड मी थांबून बघितला. मुद्दाम.
तिसऱ्यांदा गुदमरलो
तेव्हा खाली एक टपरी उजळली.
गल्ल्यावर बनियनमधला माणूस,
कानावर पेन्सिल. माझीच.
म्हणाला, "पैसे नाहीत? असू दे.
एक डाव उधार. घरी सांगू नकोस."

भरतेश शेजारी बशीतला चहा फुंकत होता.
मी त्याच्याकडं बघितलं नाही.
सात वर्षं माझ्या दारात उभा होता तो,
एकदाही
फुकट हात लावू दिला नव्हता मी.

पडद्यावरचा मी
हात पुढं करून थांबलेला.
बटण दाबल्याशिवाय
हलत नाही.