घासाघीस

फोन मी घ्यायचा असं ठरलं,
कारण काडुनाच्या बाजारात माझ्याइतका भाव पाडणारी कुणी नाही.
गिंबाच्या, माझ्या भावाच्या, तोंडून शब्द फुटत नव्हता.
त्याची बायको
शाळेच्या वाटेवर सापडलेली असाबेची एक चप्पल
धूत होती, उन्हात ठेवत होती,
उचलून पुन्हा धूत होती.

ते म्हणाले, दोन कोटी नायरा.
मी म्हणाले, मालक, आम्ही आलं विकतो, सोनं नाही.
मालक म्हणाले मी त्याला. जीभ झडली नाही.
तो म्हणाला, पोरीचा आवाज ऐक.
ऐकला.
ऐकून म्हणाले, पाच लाख.

बावीस दिवस.
चर्चमध्ये पातेलं फिरलं, पलीकडच्या मशिदीतून एक पाकीट आलं,
नाव न लिहिलेलं.
गिंबानं छपराचे पत्रे उतरवून विकले,
शेतातलं आलं उपटलं, बोटाएवढं,
कोवळ्याला भाव नसतो हे ठाऊक असून.
रात्री फोन चार्ज करायला मी
जनरेटरवाल्या न्हाव्याकडे बसायचे
वायर हातात धरून,
सलाइन लावलेल्या माणसापाशी बसावं तशी.

घाई दिसली की भाव चढतो.
म्हणून मी जांभई देत बोलायचे.
म्हणाले, पोरगी तशी अशक्तच, छाती घरघरते तिची,
ठेवून घेतलीत तर तुमचाच खर्च.
गिंबा दाराबाहेर जाऊन ओकला.

अठरा लाखांवर तुटलं.
वर एक मोटारसायकल, तेलाचे पाच डबे,
आणि रिचार्जची कार्डं,
म्हणजे ते जे काही बोलले त्याचेही पैसे आम्हीच भरले.

असाबे आली.
पायात कुणाचे तरी मोठे बूट.
आई रडली, शेजार रडला, कुणी कोंबडी कापली.
तीन दिवस पोर गप्प.
चौथ्या दिवशी मी बाजारात ढीग लावत होते,
ती शेजारी येऊन टेकली,
एक कांडं उचललं, नखानं माती खरवडली,
म्हणाली,
आत्या, त्यांनी फोनचा स्पीकर लावला होता.

तेवढ्यात गिऱ्हाईक आलं.
एका मापाचा भाव विचारला. फार सांगतेस, म्हणालं.
मी त्याच्याच भावात देऊन टाकलं
आणि वर आणखी मूठभर घातलं,
मग आणखी एक मूठ,
ते पुरे म्हणेपर्यंत.