तिरामिसू, जायफळ घालून

कोनचेत्ताबाई रोज संध्याकाळी
खुर्चीच्या हातावर दोन बोटं आपटून म्हणायच्या,
तिरामी सू.
मी ॲपवर नोंद करायचे :
‘गोड मागतात. साखर बघून द्यावं.’

बेडफर्डमध्ये मी नवी.
सकाळी तीन घरं, संध्याकाळी चार,
प्रत्येकी तीस मिनिटं,
त्यातली दहा बसने खाल्लेली.
बाईंचं घर शेवटचं.
नवरा वीटभट्टीवर होता; फोटोत अजून
त्याच्या भुवयांवर तांबडी धूळ आहे,
किंवा फोटोच तसा विटला असेल.

साठ वर्षांचं इंग्रजी
गेल्या हिवाळ्यापासून त्यांच्यातून ठिबकत चाललंय.
आधी महिन्यांची नावं गेली, मग भाज्यांची,
मग शेजारणीशी भांडायचे शब्द.
मागे उरलं ते घट्ट, त्यांच्या गावचं,
आणि ते मला येत नाही.

तर म्हटलं, करूच.

कच्ची अंडी डॉक्टर नको म्हणतात.
दारूचं गोळ्यांशी वैर.
मस्कारपोनेच्या डब्यावरची किंमत वाचून
हात आपोआप मागे आला.
मग तिरामिसूत उरतं काय?
कॉफी. आणि माझा हट्ट.

शुक्रवारी रात्री दोन लिटर दही
जुन्या सुती ओढणीत बांधून नळाला टांगलं.
इफेओमा ड्यूटीवरून आली, दिवा लावला, किंचाळली,
‘कुणाला फासावर दिलंस?’
रात्रभर टप्, टप्.
सकाळी चक्का झाला होता,
आईच्या हातचा होतो त्याहून थोडा आंबट.
गूळ किसून फेटला तर पांढऱ्याचा मातकट झाला,
विटांच्या गावाला शोभेल असा.
क्वीन्स पार्कच्या दुकानातले टोस्ट घेतले,
चहात बुडायची सवय असलेले;
कॉफीतही बुडाले, तक्रार न करता.
कॉफी काळी, कडक, तिच्यात जायफळ,
आमच्याकडे लग्नघरी रात्री जागणाऱ्यांना देतात तशी.
(जायफळाने झोप येते म्हणतात, कॉफीने उडते.
या दोघांचं लग्न कुणी जुळवलं कोण जाणे.)

शनिवारी सहा वाजून दहा मिनिटांनी
वाटी त्यांच्या मांडीवर ठेवली.
एक चमचा. भुवया वर.
‘व्हॉट इज?’
तिरामिसू, मी म्हटलं, आणि पदक घ्यायला उभी राहिले.

बाईंनी माझ्याकडे असं पाहिलं
की मी त्यांच्या मुलीलाच फोन लावला.
रोझाल्बा आधी हसली, मग थांबली, मग पुन्हा हसली.
‘आईने जन्मात तिरामिसू खाल्लेलं नाही.
ते उत्तरेकडचं, हॉटेलातलं.
वयाने आईपेक्षा लहान आहे ते पक्वान्न!
ती म्हणते, तिरा. मी. सू.
ओढ. मला. वर.’

चार महिने.
चार महिने बाई सांगत होती, मला उठव,
आणि मी लिहीत होते, साखर बघून.
तसं उठवत होतेच रोज,
पण माझ्या वेळेला, भांडी झाली की.

फोन ठेवला तोवर वाटी रिकामी.
तळाशी जायफळाचा कण होता,
तो त्यांनी बोटाने टिपला, चाखला,
आणि तेच बोट खुर्चीच्या हातावर आपटलं.
तिरामी सू.

शिकवलंय तसं केलं :
पाय फाकवून, गुडघे वाकवून, पाठ ताठ,
आणि मोजायचं तीनपर्यंत.
मी मराठीत मोजलं, त्यांनी त्यांच्यात.
तीनला दोघी एकदमच पोचलो.

मग तशाच उभ्या, एकमेकींना धरून.
कुठे जायचंय ते मला ठाऊक नव्हतं.
त्यांना होतं.
हनुवटीने त्यांनी फ्रिज दाखवला.

ॲपवर लिहिलं :
‘उभ्या राहिल्या. दुसऱ्यांदा वाढलं.
साखर बघितली नाही.’