आज निरोप नाही

दुपारी पाऊण वाजता
पुएर्तो सेनिसात चमचे थांबतात.
मी चष्मा पुसते, घसा खाकरते,
काचेपलीकडून एलिएसेर बोट वर करतो,
आणि मी वही वाचू लागते, आहे तशी:

"वरच्या खोऱ्यातल्या क्लोदोमिरासाठी.
गुरुवारी नदीच्या उताराशी दोन घोडे आण.
आई येतेय. शिवणयंत्र घेऊन येतेय."

"तळ्याकाठच्या बेर्नाबे ओयार्सूनसाठी.
दाढ काढली. मुक्काम वाढला. कोंबड्या."

"पिवळं खोगीर ज्यानं नेलं त्याच्यासाठी.
तो कोण हे सगळ्यांना ठाऊक आहे."

शब्दाला वीस पेसो.
म्हणून माणसं क्रियापदं वाचवतात,
मायेचे शब्द तर सगळ्यात आधी गाळतात.
ते मी आवाजात परत घालते, फुकट.
मालकाला हे माहीत नाही.
किंवा असेल.

डोंगर फार, माणसं थोडी, टेलिफोनची तार नाही.
प्रत्येक चुलीशेजारी एक रेडिओ,
बॅटऱ्या लोकरीच्या मोज्यात, गारठू नयेत म्हणून.
कुणाची गाय व्याली, कुणाची बायको परतली नाही,
सगळं आधी माझ्या जिभेवर येतं,
मग डोंगरावर जातं.
मरणाची बातमी मी दोनदा वाचते.
एकदा कळायला,
एकदा खोगीर कसायला.

एका मार्चमध्ये म्हातारा एवेन्सिओ मान्क्ये खाली आला,
बर्फाला लागून असलेल्या शेवटच्या घरातून,
घोड्यावर दोन दिवसांची वाट.
टोपी हातात धरून दारातच उभा राहिला.
म्हणाला, अकरा वर्षं ऐकतोय, बाई.
माझ्या नावाचा एकही नाही.
तक्रार नाही. विचारायचं एवढंच होतं,
एखादा कुठे हरवला तर नाही ना?

मी वही उलटीपालटी केली, उगाच.
एलिएसेर केबल गुंडाळत राहिला,
आधीच गुंडाळलेली.

दुसऱ्या दिवसापासून, सगळ्यात शेवटी, हवामानाच्या आधी:
"एवेन्सिओ मान्क्येसाठी. आज निरोप नाही."
रोज. रविवार सोडून, रविवारी पाद्री बोलतात.
याचे पैसे कोण भरणार, मालकानं एकदा विचारलं.
पुढच्या महिन्यात विचारलं नाही.

सहा हिवाळे गेले.
पोरं रिकामे हात दाखवून म्हणू लागली, आज निरोप नाही.
साखर संपली की दुकानदारही तेच.

मग ती निवडणूक. आकडे लांबत गेले,
वहीतली शेवटची ओळ राहिली.
राहिली म्हणजे मी विसरले. खोटं कशाला बोलू?

दुसऱ्या सकाळी चार वाटांनी चौघं वर चढली.
पेर्पेतुआ, फावडं घेऊन.
बेर्नाबे, मेणबत्त्या घेऊन.
क्लोदोमिरा, अर्धी मेंढी आणि अख्खी आई घेऊन.
आणि पिवळ्या खोगिरावर तो,
कोण हे सगळ्यांना ठाऊक आहे.

एवेन्सिओ लाकडं फोडत होता.
त्यांनी त्याच्याकडे पाहिलं,
त्यानं फावड्याकडे.
बराच वेळ कुणी बोललं नाही.
मग किटली चढली, येर्बाचा एकच पेला हातोहात फिरला,
मेंढी तर होतीच.

पंधरवड्यानं बेर्नाबेच्या हाती चीज आलं
आणि कागदात बांधलेले चाळीस पेसो.
कागदावर: नोल्फासाठी, रेडिओ.
खाली दोन शब्द.

"नोल्फासाठी," इथवर मी वाचलं.
पुढचं जमेना.
कागद एलिएसेरकडे सरकवला,
एकोणीस वर्षांत जो माइकवर शिंकलासुद्धा नव्हता.
तो वाकला, आणि म्हणाला,
"मी आहे."

अर्ध्या खोऱ्याला वाटलं, तो स्वतःबद्दलच बोलतोय.
लग्न कधी म्हणून
तीन पत्रं आली.

त्यानंतर हवामान वाचलं मी.
पश्चिमेचा वारा, नेहमीचाच.